मदत हवी आहे - होम लोनचा खरा खर्च कसा काढायचा?

साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांचं लोन आहे, ३ वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले आणि काल स्टेटमेंट उघडलं तर मुद्दल जेमतेम साडेसहा टक्के कमी झालंय, पहिल्या हप्त्यातले तर ८१ टक्के व्याजातच गेलेत!! असंच चाललं तर शेवटी कर्जाच्या दुपटीहून जास्त भरणार, हे सही करताना डोक्यातच आलं नाही, सगळं लक्ष हप्ता झेपतो का यावरच.

आता थोडे पैसे साठलेत. प्रीपेमेंट करून हप्ता कमी करू की मुदत? मला मुदत बरी वाटतेय. आणि इन्शुरन्स, प्रोसेसिंग फी, डागडुजी हे सगळं धरून एक्सेलमध्ये हिशोब कुणी मांडलाय का?