पहिली तपासणी कोणाची झाली?

वर्षभर नियमित संबंध असूनही दिवस गेले नाहीत तर पतिपत्नी दोघांचीही तपासणी करावी, असे वैद्यक सांगते. सातारा-सांगलीकडे मात्र दवाखान्याची पायरी आधी सूनच चढते. ज्यांनी हे सोसले आहे, त्यांनी नाव न देता लिहावे.

शिक्षिका, मिरज

माझी सोनोग्राफी झाली, गर्भनलिका उघड्या आहेत का हे पाहण्यासाठी औषध सोडून एक्स-रे काढला, दुर्बिणीची शस्त्रक्रियाही झाली. यांची वीर्यतपासणी, जिला नमुना देण्यापलीकडे काहीच लागत नाही, ती मात्र सर्वांत शेवटी झाली. रिपोर्टवर एका मिलिलिटरला 16 दशलक्ष शुक्राणू ही किमान मर्यादा छापलेली होती आणि यांचा आकडा तिच्या फारच खाली होता. यांनी तो कागद घडी घालून पासबुकाच्या कव्हरात ठेवला आणि "आईला कळू देऊ नकोस" एवढेच म्हणाले. मी कळू दिले नाही. त्यानंतरही सासूबाई माझ्याच नावाने नवस बोलत राहिल्या, आल्यागेल्याला माझ्याच पथ्याचे सांगत राहिल्या आणि हे समोर बसून ऐकत राहिले. मला आकड्याचा राग कधीच आला नाही. त्या ऐकून घेण्याचा आला, आणि तो अजून आहे.

नोकरदार, कराड

आयव्हीएफसाठी, म्हणजे टेस्ट ट्यूब बेबीच्या उपचारासाठी, आम्ही पतसंस्थेचे कर्ज काढले. बीज काढण्याच्या साधारण 36 तास आधीचे इंजेक्शन ठरल्या वेळीच द्यावे लागते, म्हणून मेहुण्याच्या हळदीतून आम्ही रात्री उठून आलो. पाहुण्यांत त्याची चर्चा व्हायची ती झालीच. घरातले बोलणे हळूहळू तारखांपुरते उरले. रक्ताचा रिपोर्ट निगेटिव्ह आला तेव्हा पत्नी रडली आणि मी हप्त्यांचा हिशोब मांडत बसलो. माझे दुःख त्या हिशोबातच होते, पण तिला ते दिसण्यासारखे नव्हते.

गृहिणी, वाई

आम्ही दात्याचे वीर्य घेतले. अशा उपचारांसाठीच्या 2021 च्या कायद्यानुसार त्यासाठी लेखी संमती लागते. यांनी सही केली, पण नंतर कित्येक दिवस जेवताना मान वर केली नाही. मुलगी आता यांच्याशिवाय झोपत नाही. बारशाला आत्याबाई "नाक अगदी बापाचे" म्हणाल्या, तेव्हा आम्ही एकमेकांकडे पाहिले नाही. मोठी झाल्यावर तिला सांगावे असे माझे मत आहे, यांचे नाही. या विषयावर आमचे अद्याप पटलेले नाही.