बाजारातला जुना बंबखाना पाडायचा की ठेवायचा?

वर्धाकाठ
आमच्या तालुक्याच्या गावी आठवडी बाजाराला लागून असलेला जुना बंबखाना पाडून तिथं दुकानांचे गाळे काढायचं घाटतंय. माझा विरोध आहे. खाली दोन गाड्यांपुरत्या दगडी कमानी, सागवानी दारं, वर कवेलूखाली (कौलांखाली) बंबवाल्यांच्या खोल्या आणि मागं चौकोनी मनोरा. तो मनोरा फक्त धूर कुठं दिसतो ते पाहायला बांधला, असं पुष्कळांना वाटतं. खरं काम होतं होज, म्हणजे बंबाचे पाण्याचे पाइप, वाळवण्याचं. तेव्हाचे होज कॅनव्हासचे, ओले गुंडाळून ठेवले की कुजायचे. म्हणून आग विझवून आलं की कप्पीवरून वर ओढून ते उभे टांगायचे, पाणी निथळून जायचं. भिंतीत वरपर्यंत झरोके आहेत ते हवा खेळावी म्हणून. कप्पी आणि लोखंडी आकडे अजून जागेवर आहेत, जाऊन बघा.

आपल्याकडं विदर्भात हे सगळं कापसामागं आलं. खामगावला रेल्वेचा फाटा १८७० साली आला तोही कापसासाठीच. जिथं जिन-प्रेस, म्हणजे सरकी काढून कापसाच्या गाठी दाबायचे कारखाने, तिथं आगीची धास्ती.

पऱ्हाटी
दादा, मनोरा पाहून आग इझत नाही. आमच्या वावरात कुटाराच्या गंजीले आग लागली तवा बाजाराचा दिवस होता. बंब गर्दीतून निघता निघता अर्धा घंटा गेला. आला तवा काहीच उरलं नोतं. गावखेड्यात पहिला बंब २० मिनिटांत पोचावा असं मानक हाय म्हणतात. इथं तो बाजारातूनच निघत नाही! नवी गाडी त्या कमानीत जात नाही, तर ती वैशाख-जेठाच्या उन्हात बाहेर उभी राहते. रबराचे पाइप कितीक टिकतीन?

चुनाविटा
गाडीबद्दल तुमचं शंभर टक्के बरोबर. पण इमारत ‘धोकादायक’ म्हणून पाडतायत, ते मला पटत नाही. भिंती चुन्यात बांधलेल्या आहेत, त्यावर मधे कुणीतरी सिमेंटचा गिलावा चढवला. आतली ओल बाहेर पडेना, म्हणून पापुद्रे सुटतायत. गिलावा काढून दगडांचे सांधे चुन्यानं भरा, कवेलू फेरा. कमानींना मला एकही तडा दिसला नाही.

कर भरणारा
पैसा कुठून? ७४व्या घटनादुरुस्तीनं अग्निशमन बाराव्या अनुसूचीत घातलं, म्हणजे ते नगरपालिकांच्या गळ्यात आलं. उत्पन्न मात्र लहान गावांत वाढलं नाही. भायखळ्याचं अग्निशमन केंद्र मुंबई सांभाळू शकते. आम्हाला गाळ्यांच्या भाड्यातून निदान बंबवाल्यांचे पगार तरी वेळेवर देता येतील. माणसं आधी, दगड नंतर.

वर्धाकाठ
@कर भरणारा, पगार वेळेवर व्हायलाच हवेत. पण जिथून एक बंब निघत नाही, तिथंच आणखी गाळे कोंबले तर उद्या त्या गाळ्यांना लागलेली आग कोण विझवणार?

गाडी बायपासवर न्या, मी स्वतः मागणीवर सही करतो. जुन्या जागेत हंगामाआधी जिनिंगच्या मजुरांना शिकवा. कापसाची आग वरून पाणी मारून विझत नाही, दाबलेल्या गाठीच्या पोटात ती धुमसत राहते. गाठ ओढून मोकळ्यात नेऊन फोडावी लागते. १४ एप्रिल १९४४ ला मुंबईच्या गोदीत फोर्ट स्टिकीन जहाजावर स्फोटकांबरोबर कापसाच्या गाठीच होत्या. आग विझवायला गेलेले ६६ जवान तिथं मृत्युमुखी पडले, म्हणून आजही त्या तारखेला अग्निशमन सेवा दिन असतो. राष्ट्रीय अग्निशमन महाविद्यालय १९५७ पासून आपल्या नागपुरात आहे. तिथले शिकवणारे इथं बोलवायला काय अडचण आहे?

पऱ्हाटी
मजुराले शिकवणं पटलं. जिनिंगवर आमच्याच गावची पोरं हायेत. पण मागणीत पहिले बायपासची जागा अन् तारीख लिवा, मंग मनोऱ्याचं लिवा. उलटं लिवलं तर माही सही नाही.