बी-304 च्या दारावरची नोटीस

नंदावहिनी (बी-303), 9:12
काल कोर्टाचा बेलिफ आला, ढोल बडवून पुकारा केला आणि दातेकाकांच्या 304 च्या दारावर जप्तीचा कागद डकवून गेला. त्याचा फोटो ग्रुपवर कुणी टाकला? काकूंनी फोनवर पाहिला, तेव्हापासून त्या खोलीबाहेर आलेल्या नाहीत. आधी डिलीट करा.

सेक्रेटरी (ए-202), 9:20
मीच टाकला. सोसायटीला कळायला नको का? उद्या लिलावात कुणी फ्लॅट घेतला तर ट्रान्सफरचं काय?

नंदावहिनी, 9:21
लिलावापर्यंत पोचलातसुद्धा! काकांनी कधी मेंटेनन्स थकवलाय का?

सेक्रेटरी, 9:26
डिलीट केला. पण असं टाकून बोलू नका.

जाधवकाका (ए-101), 9:31
उगाच घाबरू नका. राहतं घर कोर्ट विकूच शकत नाही.

संदीप (बी-102), 9:34
पतपेढीचं कर्ज काढून पैसे उडवले मेहुण्याने, दातेकाका नुसते जामीनदार, आणि कागद काकांच्या दारावर? पतपेढीने आधी त्याला धरायला हवं ना.

वकीलसाहेब (सी-301), 9:52
संदीप, जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, करार कायद्याचं कलम 128. पतपेढी थेट जामीनदाराकडे येऊ शकते.
आणि जाधवकाका, रागावू नका, पण तसा सरसकट नियम नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908, कलम 60. जप्तीतून घर सुटतं ते शेतकरी, मजूर किंवा घरकामगार स्वतः राहत असेल तर. दातेकाका रिटायर्ड क्लार्क, त्यांना ते लागू नाही.

जाधवकाका, 9:55
माझा साडू लुधियानाला असतो. त्याच्या शेजाऱ्याचं घर वाचलं. राहतं घर विकत नाहीत.

वकीलसाहेब, 10:03
पंजाबात याच कलमाला जोड दिली आहे, तिथे शेतकरी नसलेल्याचंही एक मुख्य राहतं घर सुटतं. तेसुद्धा त्याच कर्जाला तारण दिलेलं नसेल तर. आपण वडोदऱ्यात आहोत.

संदीप, 10:05
मग लुधियानालाच शिफ्ट व्हा सगळे 😄 रविवारच्या मीटिंगला शेवउसळ मागवायची का? तिखट तर्री वेगळी.

नंदावहिनी, 10:06
संदीप, शेजारच्या घरात काल चूल पेटलेली नाही.

संदीप, 10:07
चुकलं वहिनी. सॉरी.

काकू (बी-304), 10:31
वकीलसाहेब, मंगळसूत्रही नेतात का हो?

वकीलसाहेब, 10:34
नाही काकू. मंगळसूत्र, अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण, याला कुणी हात लावू शकत नाही. कालची नोटीस जप्तीची आहे. तिचा अर्थ एवढाच की काकांनी फ्लॅट परस्पर विकायचा नाही, गहाण टाकायचा नाही. लिलावाचा जाहीरनामा अजून निघालेला नाही. त्याआधी कोर्ट काकांना बोलावेल. आणि जाहीरनामा लागल्यावरही काकांच्या संमतीशिवाय किमान 15 दिवस विक्री होत नाही. काकांच्या नावावर दुसरं काही आहे?

काकू, 10:40
मांडवीत सासऱ्यांचं दुकान. ह्यांच्या एकट्याच्या नावावर झालंय. सात-आठ वर्षं बंद आहे.

वकीलसाहेब, 10:46
हे आधी का नाही सांगितलंत! कोर्टाने देणं फिटेल तेवढंच विकायचं असतं, त्याच संहितेतला ऑर्डर 21 नियम 64. सुप्रीम कोर्टाने 1989 मध्ये अंबटी नरसय्या खटल्यात हेच बजावलंय. दुकानातून रक्कम निघत असेल तर आधी दुकान विका, घर राहू द्या, असा अर्ज आजच करू. आणि दुकान स्वतः गिऱ्हाईक बघून विकायचं असेल तर नियम 83 खाली कोर्टाकडे मुदत मागता येते.

जाधवकाका, 10:49
तेच तर मी म्हणतोय, राहतं घर विकत नाहीत.

सेक्रेटरी, 10:50
जाधवकाका, तिसऱ्यांदा सांगताय. कोर्टासमोर अर्जच केला नाही, तर विकतील.

नंदावहिनी, 10:52
सेक्रेटरी, हे मात्र बरोबर बोललात.

वकीलसाहेब, 10:55
काकू, दुकानाचं प्रॉपर्टी कार्ड, वेऱ्याची (कराची) पावती आणि नोटीस घेऊन चारला या. काकांना बरोबर आणा, सही लागेल.

काकू, 11:38
हे जेवले थोडं. पावती दुकानातल्या कपाटात आहे. किल्ली सापडली, पण कुलूप गंजलंय म्हणतात.

जाधवकाका, 11:40
वहिनी, खोबरेल आणि हातोडी घेऊन येतो. दातेंना म्हणावं चप्पल घाला, स्कूटर खाली काढतोय.