श्टाझीच्या माणसाला हिरो म्हणायचं का?

उंबरठा: काल इथे कुणीतरी हाराल्ड येगरबद्दल, म्हणजे पूर्व जर्मनीच्या श्टाझी या गुप्त पोलिसांच्या अधिकाऱ्याबद्दल लिहिलं, "श्टाझीत असूनही भिंत उघडली, हिरो माणूस, आता जुनं उकरू नका." वाचून डोकं तापलंय. ९ नोव्हेंबर १९८९ ला पूर्व आणि पश्चिम बर्लिनमधल्या बॉर्नहोल्मर नाक्यावरचं फाटक त्याने उघडलं, मान्य. पण त्याच्या आधी काय चाललं होतं? वरून हुकूम आला, जास्त आरडाओरडा करणाऱ्यांना पलीकडे सोडा आणि ओळखपत्रावर, थेट फोटोवर शिक्का मारा. म्हणजे परतीचा रस्ता बंद. त्या बिचाऱ्यांना ठाऊकही नव्हतं. हे शिक्के त्याच्याच माणसांनी मारले.

निवृत्त मास्तर: तीच गोष्ट पुढे सांगा ना. एक तरुण जोडपं परत आलं, मुलं घरी झोपली होती. येगरने हुकूम मोडून त्यांना आत घेतलं. नंतर हजारोंची गर्दी, हाताशी हत्यारं, वरिष्ठ फोनवर नुसते खेकसतायत, आणि गोळी सुटली नाही. शिवाय भिंत मी नाही, जमलेल्या लोकांनी उघडली, असं तो स्वतः सांगतो. अजून काय नाक घासून घ्यायचं?

उंबरठा: गोळी घातली नाही म्हणून ओवाळायचं? एका रात्रीचं बोलताय, १९६४ पासूनच्या नोकरीचं काय? पूर्व जर्मनीतल्या सरकारविरोधक फेरा लेंग्सफेल्डने १९९२ मध्ये श्टाझीने ठेवलेली स्वतःची फाइल उघडली, तर खबऱ्या "डोनाल्ड" म्हणजे तिचा नवरा. तिला जाऊन सांगा, उकरू नका म्हणून.

बर्लिनवासी: मी इथे अकरा वर्षं आहे. आमच्या घरमालकीणबाईंनी फाइल कधीच मागितली नाही. श्टाझीचं १११ किलोमीटर भरेल एवढं दप्तर, त्यात आपलं असणारच, हे त्या जाणतात. एकदाच म्हणाल्या, "त्यात बहिणीचं नाव निघालं तर ख्रिसमसला कुणाकडे जाऊ?" मास्तर आणि उंबरठाताई, दोघांनाही यावर बोलता येणार नाही.

म्हापसेकार: जर्मनांना निदान फाइल मागायचा कायदा तरी आहे. आमच्या गोव्यात पोर्तुगीज पोलिसांतल्या आजेंत मोंतेरोने काय केलं ते विचारा जुन्या माणसांना. आजोबांचा डावा कान पाखल्यांच्या, म्हणजे पोर्तुगीजांच्या, मारात गेला. तोच मोंतेरो पुढे पीदेत, म्हणजे पोर्तुगालच्या गुप्त पोलिसांत, आणि तिथल्या हुकूमशाहीचे विरोधक जनरल देल्गादो यांच्या १९६५ च्या खुनात. त्याबद्दल पोर्तुगालने त्याला दोषी तरी ठरवलं, तेही तो हजर नसताना. आजोबांच्या कानाचा खटला कुठे?

निवृत्त मास्तर: धागा येगरवर आहे. दरवेळी गोवा आणू नका.

म्हापसेकार: का नको? तुम्हाला लांबचे खबरे चालतात, जवळचे निघाले की विषयांतर! आजोबांचं नाव देणारा आमच्याच वाड्यावरचा. १९६१ नंतर झेंडावंदनाला पहिल्या रांगेत. एक शब्द बोलला नाही कधी. येगर नाव-चेहऱ्यानिशी बोलतो तरी.

निवृत्त मास्तर: चुकलं माझं. लिहा.

उंबरठा: हिरो मी तरीही म्हणणार नाही. पण बोलतो ते बरं करतो, एवढं घ्या माझ्याकडून. शिक्क्यांबद्दलही तितकंच बोलावं. म्हापसेकार, त्या माणसाचं पुढे काय झालं?

म्हापसेकार: १९८४ ला वारला. आजोबा प्रेताला गेले. का गेलात विचारलं की बहिरा कान आमच्याकडे करायचे.