आधारगटात माहितीपेक्षा गोष्टींनी माणसं जवळ येतात का? मदत हवी आहे

रानवाट:

नमस्कार मंडळी. डिमेन्शिया, म्हणजे स्मृतिभ्रंश, झालेल्या आपल्या माणसाची घरी काळजी घेणाऱ्यांचा एक आधारगट आम्ही काही जण चालवतो. महिन्यातून दोनदा भेटतो. कोणाची आई आजारी, कोणाचा नवरा, कोणाचे सासरे. बैठकीची पद्धत ठरलेली आहे. एखादे तज्ज्ञ येतात, औषधं, पडण्याचे धोके, कायदेशीर कागदपत्रं अशा विषयांवर बोलतात, प्रश्नोत्तरं होतात, लोक वह्या मिटतात आणि निघतात. माहिती कामाची असते, त्यात वाद नाही. पण कित्येक महिने शेजारी बसणाऱ्या दोघींना एकमेकींचं नाव सोडून काही ठाऊक नाही, हे मला खटकत होतं. दोघींच्याही घरी रात्रीची झोप उडालेली, दोघींनाही दिवसभर तोच तोच प्रश्न ऐकावा लागतो, आणि दोघीही समजतात की हे फक्त माझ्याच वाट्याला आलंय.

मागच्या वेळी ठरलेल्या डॉक्टरांना ऐनवेळी येता आलं नाही. सगळे नुसते बसून होते. तेव्हा एरवी फारसे न बोलणारे एक काका म्हणाले, "आमची ही रोज संध्याकाळी पिशवी भरून दाराशी उभी राहते. म्हणते, मला माझ्या घरी सोडा." आधी ते तिला समजावत, अगं हेच तुझं घर. त्यातून भांडण, रडारड. आता ते चपला घालतात, पिशवी स्वतः उचलतात, तिच्याबरोबर एक फेरी मारून येतात आणि दार उघडताना म्हणतात, "चला, आलं घर." कधी ती "बरं झालं बाई" म्हणत आत येते. कधी नाही येत.

काका थांबले तशा मागच्या रांगेतल्या एक बाई म्हणाल्या, "माझी आई पिशवीत काय भरते माहितीये? उशीचे अभ्रे." पुढे कितीतरी वेळ कोणी घड्याळ पाहिलं नाही. जाताना लोकांनी एकमेकांचे नंबर घेतले. वर्षभराच्या व्याख्यानांनी जे झालं नव्हतं ते एका पिशवीने केलं.

आता आमच्यातल्या एकाचं म्हणणं आहे की प्रत्येक बैठकीत सगळ्यांना पाच-पाच मिनिटं द्यायची, "आपापली गोष्ट सांगा" म्हणायचं. मला ते बरं वाटत नाही, पण का ते नीट मांडता येत नाही. ठरवून असं घडवता येतं का? विचारायचं कसं? आणि जे म्हणतात "माझं काय वेगळं सांगण्यासारखं नाही, सगळ्यांचं तेच", त्यांना काय सांगायचं?

पानगळ:

रानवाट, तुम्हाला बरं वाटत नाहीये ते योग्यच आहे. मी बरीच वर्षं लोकांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करण्याचं काम करते. "तुमची गोष्ट सांगा" म्हटलं की माणूस एकदम ताठ बसतो. त्याला वाटतं आता सुरुवात, मध्य, शेवट आणि वर काहीतरी तात्पर्य द्यायचंय. मग तो जे देतो ते भाषण असतं किंवा सारांश. "फार कठीण काळ होता, पण घरच्यांच्या साथीने निभावलं." हे ऐकून समोरच्याने मान डोलावण्यापलीकडे काय करावं?

काकांनी काय सांगितलं बघा. पिशवी, दार, चपला, फेरी, आणि दार उघडतानाचं एक वाक्य. "संध्याकाळी तिची घालमेल वाढते" असं ते म्हणाले असते तर त्या बाईंना उशीचे अभ्रे आठवले नसते. ऐकणाऱ्याला आपलं काही जोडायला ठोस वस्तू लागते. म्हणून प्रश्न लहान विचारा आणि एका प्रसंगाबद्दल विचारा. "कसं चाललंय?" नको. "या आठवड्यात काय करावं ते सुचलंच नाही, असं कधी झालं?" किंवा "तुमच्या माणसाने अचानक काहीतरी आठवून सांगितलं, असं शेवटचं कधी घडलं?" असं.

तुमच्या खोलीत जे घडलं त्याचा अभ्यासही झालेला आहे. हार्वी सॅक्स नावाचे समाजशास्त्रज्ञ १९६० च्या दशकात रोजच्या संभाषणांची ध्वनिमुद्रणं बारकाईने ऐकत. त्यांच्या लक्षात आलं की एकाने प्रसंग सांगितला की दुसरा बहुतेक वेळा त्याला मिळताजुळता आपला प्रसंग सांगतो. हा दुसरा प्रसंग कुठूनही येत नाही. पहिल्यातलं नेमकं काय महत्त्वाचं होतं हे कळल्याशिवाय तो सांगताच येत नाही. "मला समजलं" असं कोणीही म्हणू शकतं. उशीच्या अभ्र्यांनी ते दाखवून दिलं. माझ्या मते माणसं जवळ येतात ती इथे, या दुसऱ्या गोष्टीपाशी. त्यामुळे सगळं लक्ष पहिल्या वक्त्यावर ठेवू नका. त्याच्यानंतर जागा सोडा. पाच-पाच मिनिटांच्या पाळीत नेमकी हीच जागा मरते, कारण प्रत्येक जण आपली पाळी आली की काय बोलायचं याची मनात जुळवाजुळव करत बसतो आणि कोणी कोणाचं ऐकत नाही.

ऐकण्याबद्दल आणखी एक. कॅनडातल्या व्हिक्टोरिया विद्यापीठात जॅनेट बॅव्हेलास आणि सहकाऱ्यांनी एक प्रयोग केला होता, तो २००० साली प्रसिद्ध झाला. लोकांना थोडक्यात बचावल्याचा स्वतःचा प्रसंग सांगायला लावला. काही ऐकणाऱ्यांना गुपचूप एक काम दिलं होतं: सांगणाऱ्याच्या बोलण्यात 'टी' अक्षराने सुरू होणारे शब्द मोजायचे. म्हणजे ते शब्दन् शब्द लक्ष देऊन ऐकत होते, फक्त गोष्ट ऐकत नव्हते. परिणाम असा की सांगणाऱ्यांची गोष्टच बिघडली, आणि सगळ्यात जास्त बिघडली ती शेवटाला, जिथे खरा थरार होता. कोणी शेवट घाईत उरकला, कोणी तोच पुन्हा सांगितला, कोणी "म्हणजे बघा, किती धोक्याचं होतं" असं समजावत बसलं. माझ्या कामात हे मी सतत पाहते. मी यंत्राकडे पाहिलं की समोरचा वाक्य अर्ध्यात सोडतो. तेव्हा तुमच्या बैठकीत गोष्टींच्या वेळी वही आणि फोन दोन्ही बाजूला ठेवायला सांगा. हजेरीचा कागदही तेव्हा फिरवू नका.

कुतूहल:

पानगळ यांना अनुमोदन. "माझं काय वेगळं" म्हणणाऱ्यांसाठी एक भर घालतो. गस कूनी, डॅनियल गिल्बर्ट आणि टिमथी विल्सन यांचं २०१७ चं संशोधन आहे. सांगणाऱ्यांना वाटतं की लोकांना आपल्याकडून काहीतरी नवं, न पाहिलेलं ऐकायला आवडेल. प्रत्यक्षात ऐकणाऱ्यांना जास्त आनंद मिळाला तो आपल्याला आधीच ओळखीच्या असलेल्या अनुभवाच्या वर्णनातून. कारण सरळ आहे. बोलताना आपण खूप काही गाळतो, आणि ते गाळलेलं भरून काढायला ऐकणाऱ्याकडे स्वतःचा अनुभव लागतो. तुमच्या गटात तो प्रत्येकाकडे भरपूर आहे. "सगळ्यांचं तेच" हीच तुमची जमेची बाजू आहे, असं त्यांना बिनधास्त सांगा.

बैठकीची वेळ कोणती असते? विचारतो कारण मानववंशशास्त्रज्ञ पॉली वीस्नर यांनी आफ्रिकेतल्या कालाहारी वाळवंटात राहणाऱ्या जुहोआन्सी लोकांच्या गप्पांचा अभ्यास २०१४ मध्ये मांडला. दिवसा बोलणं कामाचं, देण्याघेण्याचं, तक्रारींचं. गोष्टींचा वाटा ६ टक्के. रात्री शेकोटीभोवती तोच ८१ टक्के. माणसं तीच, भाषा तीच. मला यातून एवढंच घ्यावंसं वाटतं की काम आणि गोष्ट एकाच दमात होत नाहीत. डॉक्टरांची प्रश्नोत्तरं चालू असताना मध्येच "आता अनुभव सांगा" म्हटलंत तर लोक तक्रारच सांगतील, कारण तोच सूर लागलेला असेल. मध्ये खंड पडू द्या, खुर्च्या वळवून गोल करा.

मेंदूंच्या 'जुळण्या'बद्दलही तुम्ही वाचलं असेल. प्रिन्स्टनच्या उरी हॅसन यांच्या गटाने २०१० मध्ये दाखवलं की गोष्ट नीट समजत असेल तर ऐकणाऱ्याच्या मेंदूतली हालचाल सांगणाऱ्याच्या मेंदूशी थोड्या उशिराने जुळत जाते. न कळणाऱ्या भाषेतली गोष्ट ऐकवली तर ही जुळणी नाहीशी होते. प्रयोग लहान होता, त्यावर मोठे इमले बांधू नयेत. मला जास्त भावतो तो ब्राझीलमधला २०२१ चा अभ्यास. अतिदक्षता विभागातल्या ८१ मुलांपैकी काहींना गोष्टी सांगितल्या, काहींना कोडी घातली. वेदना आणि ताणाचं संप्रेरक दोन्ही गटांत कमी झालं, पण गोष्टींच्या गटात जास्त. सोबत माणूस दोन्हीकडे होता, वेळही तेवढाच. तरी फरक पडला.

सावली:

मला थोडं वेगळं म्हणायचंय, आणि ते मनापासून.

मी अशाच एका गटात सासूबाईंसाठी जात होते. पहिल्या बऱ्याच बैठकांत मी एक शब्द बोलले नाही. आयोजक चांगल्या होत्या, पण दर वेळी प्रेमाने म्हणायच्या, "आज तुम्ही सांगा ना." त्या वाक्याच्या भीतीने मी दाराजवळची खुर्ची धरत असे. मी तिथे का जात होते? तर एक गृहस्थ आईला आंघोळ घालतानाचा संकोच सांगायचे, आणि तो ऐकून मला घरी जाऊन सासूबाईंना हात लावायचं बळ यायचं. त्यांना हे माहीतही नव्हतं. तेव्हा न बोलणारे जोडले गेलेले नाहीत असं समजू नका. "ऐकायला आलात तरी चालेल" हे सुरुवातीलाच आणि सगळ्यांसमोर म्हणा, म्हणजे कोणी एकटं पडत नाही.

दुसरं थोडं अवघड आहे. आपण जे सांगतो ते फक्त आपलं नसतं. सासूबाई आयुष्यभर अतिशय टापटिपीने राहिलेल्या. त्यांच्या अंथरुणाची, कपड्यांची गोष्ट मी अनोळखी लोकांना सांगितलेली त्यांना चालली असती का? त्यांना विचारण्याची वेळ निघून गेली होती. मी माझ्यापुरती एक सीमा आखली: माझ्या हातून काय झालं, मला काय वाटलं, हे सांगायचं. त्यांच्या शरीराबद्दल, त्यांना लाज वाटली असती असं काही सांगायचं नाही, ते कितीही परिणामकारक असलं तरी. तुमच्या गटाने याबद्दल एकदा मोकळेपणाने बोलावं. इथलं बाहेर जाणार नाही हा नियम तर हवाच.

आणि चांगलं सांगणाऱ्यांपासून सांभाळा. प्रत्येक गटात एक जण असतो ज्याच्याकडे रंगवून सांगण्याची कला असते. सगळे त्याच्याकडेच बघायला लागतात आणि अडखळत बोलणारे मागे सरकतात. तेच एखाद्याच्या दुःखावर "हे तर काहीच नाही, आमच्याकडे ऐका" म्हणणाऱ्यांचं. पानगळ म्हणतात ती दुसरी गोष्ट जोडते हे खरं, पण तीच पहिलीला पुसूनही टाकू शकते.

पानगळ:

सावली, शेवटचा मुद्दा फार मोलाचा. मी यावर एक साधा उपाय वापरते. कोणी प्रसंग सांगितला की पुढचं बोलणं हा त्याच प्रसंगाबद्दलचा प्रश्न असला पाहिजे. "मग तुम्ही पिशवी कुठे ठेवता?" असा. आपली गोष्ट त्यानंतर. या एका प्रश्नाने बोलणारा अधांतरी राहत नाही, आणि वरचढ होणाऱ्यालाही क्षणभर थांबावं लागतं.

रडू आलं तर घाई करू नका. पाणी पुढे करा, विषय बदलू नका.

नदीकाठ:

एक वेगळी बाजू. ज्यांची आपण काळजी घेतो त्यांच्याशीही हे करता येतं, मात्र आठवणीच्या वाटेने नाही. "आठवतंय का?" हा प्रश्न त्यांच्यासाठी परीक्षा असते आणि ते दर वेळी नापास होतात. अॅन बास्टिंग यांनी १९९० च्या दशकात अमेरिकेत 'टाइमस्लिप्स' हे काम सुरू केलं. एखादं गमतीदार चित्र दाखवायचं आणि ज्याला चुकीचं उत्तरच नाही असं काही विचारायचं: याचं नाव काय ठेवू या? हा कुठे निघालाय? मिळेल ते उत्तर जसंच्या तसं लिहायचं, नुसता ध्वनी असला तरी, आणि मग सगळं वाचून दाखवायचं. स्मृती नको, कल्पना करू या, हा त्यामागचा विचार. वडिलांना माझं नाव आठवेनासं झालं होतं, पण चित्रातल्या हत्तीला कुठे जायचंय हे त्यांनी पुष्कळ वेळ सांगितलं. मी लिहून घेत होतो. त्या दिवशी आम्ही दोघांनी मिळून काहीतरी केलं, असं किती दिवसांनी वाटलं होतं.

रानवाट:

सर्वांचे मनापासून आभार. मला नक्की काय खुपत होतं ते आता कळलं. पाळ्या नकोत. तज्ज्ञांचं सत्र राहील, मग खंड, मग गोलात बसणं, एक लहान प्रश्न, आणि बोललंच पाहिजे असं नाही. सावलीताईंचा सीमेचा मुद्दा पुढच्या बैठकीत पहिल्यांदा मांडणार आहे. नदीकाठ, चित्रांचं मी काकांना सांगते, त्यांना नक्की करून बघावंसं वाटेल.

एक शंका उरलीये. आमच्यातल्या एक ताई काहीही विचारलं तरी "छान चाललंय" म्हणतात आणि हसतात. त्यांना तसंच राहू द्यावं का?

पानगळ:

राहू द्या, पण दार बंद करू नका. अशा वेळी मी अडचणीबद्दल विचारतच नाही, वस्तूबद्दल विचारते. "घरात हल्ली काय काय लपवून ठेवावं लागतं?" किल्ल्या, औषधांचा डबा, काही घरांत आरसा झाकावा लागतो, कारण आत अनोळखी माणूस दिसतं. हा प्रश्न त्या ताईंना एकटीला विचारू नका, सगळ्यांना विचारा. याचं उत्तर द्यायला दुःखी असावं लागत नाही. त्यांनी "किल्ल्या" एवढंच म्हटलं तरी पुष्कळ आहे, त्यावर लगेच पुढचं विचारू नका.

बैठक झाली की इथे लिहा. गोष्टी सत्राच्या आधी ठेवल्या की नंतर, आणि त्याने काय फरक पडला, हे मला खास जाणून घ्यायचंय.