'मर्मदेशम्'ला विज्ञानकथा म्हणावे का?

प्रश्न:
सन टीव्हीवर १९९० च्या दशकात गाजलेल्या 'मर्मदेशम्' या तमिळ मालिकेतील 'रगसियम्' हे पहिले कथानक नुकतेच पाहून संपवले. नवपाषाणाचे, म्हणजे नऊ विषांच्या मिश्रणातून घडवलेले शिवलिंग हा विषय असूनही दिग्दर्शक नागा केवळ चमत्कारावर भागवत नाहीत, असे जाणवले. मग हिची गणना विज्ञानकथेत करावी का?

प्रतिसाद १:
अवश्य करावी. नवपाषाण ही लेखक इंदिरा सौंदरराजन यांच्या मनातून निघालेली वस्तू नव्हे. सिद्ध वैद्यकात, म्हणजे तमिळ पारंपरिक वैद्यकात, ६४ पाषाण (विषारी द्रव्ये) मानतात, ३२ नैसर्गिक आणि ३२ कृत्रिम. सोमल, हरताळ, मनशीळ यांसारखी जालीम विषे शुद्ध करून, बांधून त्यांचे औषध करता येते, अशी त्यामागची धारणा आहे. तमिळनाडूतील पळनीच्या मुरुगनची, म्हणजे कार्तिकेयाची, मूर्ती भोगर या सिद्धपुरुषाने नवपाषाणातून घडवली, अशी परंपरा सांगते आणि तिच्या अभिषेकाचे तीर्थ भाविक औषध म्हणून घेतात. जिथे गाभारा आणि रसशाळा यांत मुळातच भिंत नाही, तिथे पुराण कुठे संपले हे कसे ठरवायचे? एक गृहीत धरायचे आणि पुढचे सारे त्याच्या तर्काने चालवायचे, ही रीत विज्ञानकथेचीच आहे.

प्रतिसाद २:
मला हे पटत नाही. परंपरेचा आधार म्हणजे विज्ञानाचा आधार नव्हे. सोमल म्हणजे आर्सेनिक, आणि ते मूर्तीत बांधले तरी आर्सेनिकच राहते. त्यापेक्षा याच मालिकेतील 'विडादु करुप्पु' हे कथानक पाहा. करुप्पसामी हा तमिळ खेड्यांच्या वेशीवरचा राखणदार देव, हाती अरुवाळ, म्हणजे आपल्याकडच्या कोयत्यासारखे हत्यार. रात्री घोड्याच्या टापा ऐकू येतात, अपराध्याला शिक्षा होते, आणि गाव हात जोडून मोकळे होते. उलगडा मात्र मानसशास्त्राच्या वाटेने होतो. (शेवट सांगून रसभंग करत नाही.) देवाला धक्का न लावता कारण शोधणे फार अवघड, आणि ते इथे साधले आहे.

प्रश्नकर्ता:
दोघांचेही आभार. तमिळमध्ये 'मर्मम्' म्हणजे गूढ, आणि आपण 'मर्म' म्हणतो ते नेमके गूढाच्या गाभ्याला, हे आता लक्षात आले. 'विडादु करुप्पु' आजच सुरू करतो. पुढचे 'इयंदिर परवै', म्हणजे यंत्रपक्षी, कोणी पाहिले आहे का?