चावी खिशात ठेवायचेही पैसे?

चावीवाला:
काल कपडा_मार्केट यांनी लिहिलं, "बँकेतल्या बाबूंना तिजोरीची चावी खिशात ठेवायचेही वेगळे पैसे हवेत. आम्ही दुकानदार गल्ला फुकटच सांभाळतो ना!" खाली सगळे खो खो हसले. रात्रभर गप्प बसलो, आता लिहितो.

बँकेत तिजोरीची चावी सांभाळणारे आमचे हेड कॅशियर आजारी पडले. मॅनेजर म्हणाले, "तुम्हीच बघा जरा." तोंडी. ते 'जरा' अकरा महिने चाललं. आईच्या तेराव्याला रजा घेतली होती, पण चावी घ्यायलाच कोणी तयार नव्हतं. कॅश कमी आली तर कोण भरणार? इंदूरला स्नेहलतागंजच्या घरी पानं वाढलेली, आणि साडेनऊला फोन: स्ट्राँगरूम उघडायचीय, या. सोवळं सोडलं, पँट चढवली, गेलो. परत येईतो पंगत उठली होती.

भत्ता मागितला तर म्हणे लेखी ऑर्डर दाखवा. चावीच्या रजिस्टरात रोज माझी सही, ती दिसेना! मग लेबर कमिशनरकडे समेटाच्या बैठका, मग फाइल दिल्लीला कामगार मंत्रालयात, मग कामगारांचे खटले चालवणारं ट्रायब्युनल. आणि ते कुठे, तर जबलपूरला. रात्रीच्या ओव्हरनाइट एक्सप्रेसनं जायचं, पुढची तारीख घ्यायची, रात्री पुन्हा त्याच गाडीत. बँका आणि युनियन यांच्यातल्या १९६६च्या पहिल्या द्विपक्षीय करारापासून साधी गोष्ट आहे: जादा जबाबदारीचं काम जो करेल, त्याला त्या कामाचे पैसे. खैरात नाही ती.

कपडा_मार्केट:
आईबद्दल वाईट वाटलं, खरंच. पण काका, माझ्या बायकोच्या डिलिव्हरीच्या दिवशीही दुकानाचं शटर मीच उघडलं. मला कोणी भत्ता दिला? आणि तुमचेच लोक कॉम्प्युटरच्या विरोधात घोषणा देत होते ना? तो आल्यावर त्याचा भत्ता कोणाला, यावरूनही तुम्हीच भांडलात. दहाच्या नाण्यांची थैली घेऊन गेलो की मात्र "मोजायला माणूस नाही".

चावीवाला:
कॉम्प्युटरचं खरं आहे, मान्य. मीही मुठी आवळल्यात. कॉम्प्युटर आणायच्या १९८७च्या करारानंतर त्याच मशीनवर बसायला सीनियॉरिटी लिस्ट काढून भांडलो. पण दुकानाचा नफा तुमच्या घरी जातो साहेब. त्या तिजोरीतली एक नोट माझी नव्हती.

नवा_क्लार्क:
दोघंही स्पेशल पे आणि स्पेशल अलाउन्स यांची खिचडी करू नका. हेड कॅशियर, स्पेशल असिस्टंट यांना जादा जबाबदारीसाठी मिळतो तो स्पेशल पे, तो पेन्शनला धरतात. स्पेशल अलाउन्स २०१५च्या करारात आला, सगळ्यांना. तेव्हा बेसिकच्या ७.७५ टक्के, मार्च २०२४च्या करारात २६.५. क्लार्कचा सुरुवातीचा बेसिक २४,०५०, म्हणजे ६,३७३ रुपये. त्यावर डीएसुद्धा. पण पीएफला नाही, ग्रॅच्युइटीला नाही, पेन्शनला नाही. बेसिकच्या पाव हिश्शाएवढी रक्कम अलाउन्स म्हणून बाजूला काढली की बँकेचं पुढचं सगळं ओझं हलकं. यावर भांडा ना. चावीचं काय घेऊन बसलात!

पेन्शनर_रामबाग:
शाब्बास! पेन्शनचं नाव निघालं तर ऐका. आमची पेन्शन १९९५च्या रेग्युलेशनची. माझं बेसिक पेन्शन रिटायर झालो त्या दिवशी जे ठरलं, तेच आजही. पाच करार झाले, अपडेशन, म्हणजे नव्या पगाराप्रमाणे जुनी पेन्शन वाढवणं, शून्य. माझ्या हाताखाली शिकलेला शिपाई आज माझ्यापेक्षा जास्त पेन्शन घेतो. २०२४ला काय दिलं? अनुग्रह रक्कम! नावच बघा, अनुग्रह.

नवा_क्लार्क:
काका, निदान तुम्हाला पेन्शन तरी आहे. १ एप्रिल २०१०पासून लागलेल्यांना एनपीएस, म्हणजे ठरलेली पेन्शन नाही, बाजारावर अवलंबून. ते दार बंद होताना सही करणारे नेते तुमच्याच पिढीचे.

पेन्शनर_रामबाग:
तोंड सांभाळून. आम्ही संप केले तेव्हा पगार कापून घेतले. तुम्ही व्हॉट्सअ‍ॅपवर अंगठे दाखवता.

चावीवाला:
काका, पेन्शन निवडायचा दुसरा पर्याय आला तेव्हा मीसुद्धा नोव्हेंबर २००७च्या पगाराच्या २.८ पट रक्कम भरूनच पेन्शनमध्ये आलो. फुकट कोणालाच नाही मिळालं. आणि धागा माझा आहे, पेन्शनचा वेगळा काढा.

पेन्शनर_रामबाग:
हो, काढा वेगळा. आमची पेन्शनसुद्धा अशीच वेगळी काढून ठेवलीय.

कपडा_मार्केट:
तुमचं घरचं भांडण चालू दे, मी पोहे खाऊन आलो. मला पेन्शन देणारं कोणी नाही, म्हणून बोलत नाही. एवढं मात्र मानतो की काम करून घ्यायचं आणि वर लेखी ऑर्डर मागायची, हा हरामखोरपणा आहे. आमच्याकडे असा व्यापारी असला तर बाजार त्याला उधारी बंद करतो. बरं, केसचं काय झालं ते काका सांगतच नाहीत.

चावीवाला:
जिंकलो. रजिस्टरच्या सह्याच कामी आल्या. सहा वर्षांनी अकरा महिन्यांचा भत्ता मिळाला, व्याज नाही. जबलपूरच्या तिकिटांचा गठ्ठा अजून कपाटात आहे, बायको बेरीज करू देत नाही.

कपडा_मार्केट:
करूही नका. नवा_क्लार्क, तुम्ही कोणत्या ब्रँचला? सोमवारी नाण्यांची थैली आणायचीय.

नवा_क्लार्क:
सांगणार नाही.